हेबियस कॉर्पस : कुटुंबाच्या वादात कधी?

अर्थ : बेकायदा अडकवून ठेवलेल्या व्यक्तीला न्यायालयापुढे हजर करण्याचा आदेश. उच्च न्यायालयात संविधानाचा अनुच्छेद 226, सर्वोच्च न्यायालयात अनुच्छेद 32. डांबणारी व्यक्ती खासगी असली, तरी उच्च न्यायालयात दाद मागता येते.

सज्ञान व्यक्ती : 18 वर्षे पूर्ण झालेल्या व्यक्तीची इच्छाच निर्णायक. पत्नी स्वेच्छेने माहेरी राहत असेल, तर तिला डांबले असे होत नाही. म्हणून पतीला या मार्गाने तिला परत आणता येत नाही. घरच्यांनी कोंडलेल्या सज्ञान मुलीची मात्र सुटका होऊ शकते.

अज्ञान मूल : मूल आई किंवा वडिलांकडेच असताना ताबा बेकायदा कसा, हा नेहमीचा आक्षेप. सर्वोच्च न्यायालयाचे 2019 चे उत्तर : ताब्याला कायद्याचा आधार नसेल, तर याचिका चालते. सविस्तर पुरावा तपासावा लागणार असेल, तर योग्य मार्ग पालक आणि पाल्य अधिनियम, 1890. दोन्हीकडे कसोटी एकच : मुलाचे हित. 5 वर्षांखालील हिंदू मुलाचा ताबा सर्वसाधारणपणे आईकडे (हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, 1956, कलम 6).

परदेशी आदेश : मुलांना बेकायदा दुसऱ्या देशात नेण्याविषयीच्या 1980 च्या हेग करारात भारत सहभागी नाही. म्हणून मुलाच्या ताब्याबाबत परदेशी न्यायालयाचा आदेश हा विचारात घेण्याचा केवळ एक घटक (सर्वोच्च न्यायालय, 2017).