अस्थी : संज्ञेचा अर्थ व वापर

अस्थी : पृष्ठवंशी प्राण्यांच्या सांगाड्यातील कठीण परंतु सजीव ऊतक आणि त्या ऊतकाचा बनलेला, स्वतंत्र आकार व नाव असलेला प्रत्येक भाग. बोलीत यास हाड म्हणतात. शारीरात (शरीररचनाशास्त्रात) ही संज्ञा दोन्ही अर्थांनी येते. ‘अस्थीत कॅल्शियमाचे प्रमाण मोठे असते’ या वाक्यात ती ऊतकाची वाचक आहे, तर ‘प्रौढ मनुष्याच्या शरीरात 206 अस्थी असतात’ या वाक्यात ती भागांची वाचक आहे. याशिवाय मराठीत तिला तिसरा अर्थ आहे आणि व्यवहारात तोच सर्वांत रूढ आहे : मृतदेहाच्या दहनानंतर उरणारे हाडांचे अवशेष. या तीन अर्थांतील फरक ध्यानात न घेतल्यास वैद्यकीय मराठी समजण्यास अकारण कठीण होते.

संस्कृतात हा शब्द नपुंसकलिंगी असून काही विभक्तींत त्याचे अंग ‘अस्थन्’ असे होते. ग्रीक ‘ऑस्टिऑन’, लॅटिन ‘ऑस’ आणि फार्सी ‘उस्तुख्वान’ हे शब्द त्याच्याच कुळातील आहेत. मराठीत तो स्त्रीलिंगी झाला आहे. मराठी लेखनाच्या नियमांनुसार तत्सम ऱ्हस्वान्त शब्दांचा अन्त्य स्वर दीर्घ लिहावयाचा असल्याने सुटा शब्द ‘अस्थी’ असा लिहितात; समासाच्या पूर्वपदी मात्र तो ऱ्हस्वच राहतो. उदा., अस्थिभंग, अस्थिमज्जा, अस्थिविज्ञान. ‘हाड’ हा शब्द प्राकृत ‘हड्ड’ यापासून आलेला आहे. दोन शब्दांनी आपापली क्षेत्रे वाटून घेतली आहेत. जिवंत माणसाचे मोडते ते हाड. मृताच्या वेचतात त्या अस्थी, आणि त्याही बहुधा अनेकवचनातच. घरातील वडील माणसाच्या पायाच्या ‘अस्थीं’विषयी कोणी बोलू लागल्यास ते ऐकणाऱ्यास अशुभ वाटेल.

परभणी जिल्ह्यातील पूर्णा हे गाव या वाटणीचे चांगले उदाहरण आहे. गावाला नाव देणारी पूर्णा नदी अजिंठ्याच्या डोंगररांगेत उगम पावून पूर्णा तालुक्यात कंठेश्वरजवळ गोदावरीस मिळते. मृत्यूनंतर तिसऱ्या दिवशी राख सावडून अस्थी गोळा करणे व त्या वाहत्या पाण्यात, शक्यतो गोदावरीच्या पात्रात किंवा संगमावर, विसर्जित करणे ही या भागातील हिंदू कुटुंबांची रूढी आहे. तेथे ‘अस्थी’ म्हणजे कलशात मावणारे, कापडात बांधता येणारे अवशेष. बौद्ध समाजात याच शब्दाला ‘धातू’ या पाली संज्ञेची जोड मिळते. बुद्धाचे शरीरावशेष म्हणजे धातू आणि ते ज्यात ठेवले तो धातुगर्भ. लेण्यांच्या वर्णनांत येणारा ‘दागोबा’ हा शब्द त्यावरूनच आला आहे. 2023 च्या जानेवारी व फेब्रुवारीत थायलंडमधील भिक्षूंच्या सहभागाने परभणीहून मुंबईतील चैत्यभूमीपर्यंत अस्थिधातूंची पदयात्रा निघाली, तेव्हा ‘अस्थी’ व ‘धातू’ हे शब्द जोडूनच वापरले गेले. आयुर्वेदातही ‘अस्थिधातू’ ही संज्ञा आहे. परंतु तेथे धातू म्हणजे शरीर धारण करणारा घटक. रस, रक्त, मांस, मेद, अस्थी, मज्जा व शुक्र या सात धातूंत अस्थी पाचवी होय. एकच सामासिक शब्द एका परंपरेत पूज्य अवशेषाचा व दुसरीत शरीरातील जिवंत घटकाचा वाचक व्हावा, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

अवशेष आणि घटक यांचा संबंध अस्थीच्या रासायनिक रचनेवरून स्पष्ट होतो. वाळलेल्या हाडाच्या वजनाचा सुमारे एकतृतीयांश भाग सेंद्रिय असून त्यात कोलॅजेन हे प्रथिन प्रमुख असते. उरलेला भाग खनिज असून तो मुख्यतः कॅल्शियम फॉस्फेटाचा असतो. खनिजामुळे कठीणपणा येतो, प्रथिनामुळे चिवटपणा. चितेच्या अग्नीत सेंद्रिय भाग जळून जातो व खनिज तेवढे उरते. त्यामुळे सावडताना हाती येणारे तुकडे आकार राखून असले, तरी बोटांनी दाबताच चुरतात. जिवंत हाडात याशिवाय पेशी, रक्तवाहिन्या व तंत्रिका असतात. ते सतत झिजते, नव्याने घडते आणि मोडल्यास सांधते. सुकलेला सांगाडा पाहून हाड हा निर्जीव आधार असल्याचा जो समज होतो, तो बरोबर नाही.

अस्थी किती, या प्रश्नाला प्राचीन ग्रंथांत दोन उत्तरे आहेत. चरकसंहिता 360 मोजते व त्यांत 32 दात, त्यांची 32 उखळे आणि 20 नखे यांचा समावेश करते. सुश्रुतसंहिता वेदवाद्यांच्या 360 या संख्येचा उल्लेख करून शल्यतंत्राच्या मते ती 300 आहे, असे सांगते. शरीर पाहण्याची पद्धतीही तीत दिली आहे. मृतदेह गवत इत्यादींनी वेष्टून पिंजऱ्यात ठेवावा, वाहत्या पाण्यात सात रात्री कुजू द्यावा आणि मग कुंच्यासारख्या साधनाने हळूहळू घासत एकेक भाग डोळ्यांनी पाहावा, अशी ती पद्धती आहे.

सुश्रुताची मोजणी आजच्या मोजणीशी ताडून पाहिली म्हणजे दोन वेगवेगळ्या गोष्टी दिसतात. त्याच्या मते प्रत्येक पायात 30 अस्थी आहेत : बोटांत प्रत्येकी तीन याप्रमाणे 15, तळवा, कूर्च व घोटा मिळून 10, टाचेत एक, जंघेत दोन, गुडघ्यात एक व मांडीत एक. आधुनिक मोजणीत कटीचे हाड वगळता पायात बोटांची 14, तळव्याची 5, घोटा व टाच मिळून 7, गुडघ्याखालची 2, गुडघ्याची वाटी व मांडीचे हाड, अशी बेरीज 30 च होते. पायाच्या अंगठ्यास तीन नव्हे तर दोनच पेरे असतात, हा त्यातील मुख्य फरक. हात पायासारखाच, असे म्हणून सुश्रुत चारही शाखांत 120 अस्थी धरतो. खांदा व कटी यांची हाडे सोडल्यास आजही ही संख्या 120 च येते. अर्थात हातातील जुळणी काहीशी योगायोगाची आहे. कोपराला गुडघ्यासारखी वेगळी वाटी नसते, आणि मनगटात आठ हाडे असल्याने बेरीज भरून निघते. खरा भेद धडात व डोक्यात आहे. तेथे सुश्रुत 117 आणि 63 मिळून 180 मोजतो, तर आज 86 मोजली जातात. याचे कारण निरीक्षणातील उणिवेइतकेच संज्ञेच्या व्याप्तीतही आहे. सुश्रुताच्या पाच अस्थिप्रकारांत कपाल, वलय व नलक यांच्याबरोबर रुचक म्हणजे दात आणि तरुण म्हणजे नाक, कान इत्यादींतील मऊ भाग यांचाही समावेश होतो. आजचे शारीर दातांना अस्थी मानत नाही, आणि तरुणास्थींना कूर्चा किंवा उपास्थी असे वेगळे नाव देते. नवजात बालकात सुट्या भागांची संख्या 206 पेक्षा बरीच अधिक असते व वाढीत ते एकमेकांशी जुळतात, या आधारे 300 या आकड्याचे समर्थन केले जाते. ते ग्राह्य वाटत नाही. ज्या गणनेत दात धरले आहेत, ती नवजाताची असू शकत नाही.

यूरोपात शारीरातील नावांचा गोंधळ दूर करण्यासाठी 1895 मध्ये बाझेल येथे प्रमाणित लॅटिन नामावली स्वीकारण्यात आली. पुढे तिच्या सुधारित आवृत्त्या निघाल्या. त्यांपैकी एक 1998 मधील आहे. भारतीय भाषांसाठी विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात गणनाथ सेन यांनी प्रत्यक्षशारीरम् या संस्कृत ग्रंथात प्राचीन शब्दांना निश्चित आधुनिक अर्थ दिले. ऊर्वस्थी, प्रगंडास्थी, अक्षक, अंसफलक ही नावे त्या परंपरेतील होत. मराठी परिभाषेनेही बव्हंशी संस्कृतचाच आधार घेतला. त्याचा लाभ असा की, अस्थी हे मूळ पद कायम ठेवून अस्थिसंधी, पर्यस्थी, अस्थिमृदुता असे शब्द सहज साधता येतात. ‘हाड’ या शब्दापासून अशी मालिका होत नाही.

अडचण येते ती जेथे तत्सम शब्दाचा मराठी वंशज वेगळ्या जागी सरकला आहे तेथे. संस्कृत जंघा म्हणजे गुडघ्यापासून घोट्यापर्यंतचा भाग. मराठी जांघ म्हणजे मांडी व ओटीपोट यांमधील सांधा. त्यामुळे ‘जंघास्थी मोडली’ हे वाक्य ग्रंथात नडगी मोडल्याचे सांगते, पण वाचणारा हात कमरेजवळ नेतो. कपाल व कपाळ यांचेही तसेच आहे : पहिला शब्द कवटीच्या चपट्या हाडांचा, सुश्रुताच्या मते गुडघ्याच्या वाटीचाही, वाचक आहे, दुसरा केवळ भाळाचा. उलट काही बोलीशब्द ग्रंथातील शब्दांहून अधिक नेमके आहेत. नडगी, बरगडी, मणका, गुडघ्याची वाटी यांबद्दल कोणाचा गैरसमज होत नाही. अनुत्रिकास्थी या नावापेक्षा ‘माकडहाड’ हा शब्द तर अधिक बोलका आहे, कारण ते हाड लोपलेल्या शेपटीचाच अवशेष आहे. नलकास्थी ही संज्ञा न कळणारा माणूसही मटणाच्या दुकानात ‘नळी’ मागतो, ती तेच हाड.

हा भेद न्यायव्यवहारात विशेष महत्त्वाचा ठरतो. 1860 च्या भारतीय दंड संहितेच्या कलम 320 मध्ये जबर दुखापतीचे जे प्रकार सांगितले होते, त्यांतील सातवा हाड अथवा दात मोडणे किंवा निखळणे हा होता. 1 जुलै 2024 पासून अंमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम 116 मध्येही तो आहे. कायद्याने दाताचा स्वतंत्र उल्लेख केला, कारण आजच्या व्याख्येने तो अस्थी नाही. चरक किंवा सुश्रुत यांच्या व्याख्येने त्या उल्लेखाची गरजच पडली नसती. नाकाच्या बाबतीत उलट घडते. नाकाचा वरचा भाग हाडाचा व खालचा कूर्चेचा असतो. मारहाणीत वरचे हाड मोडले तर ती इजा या प्रकारात मोडते; केवळ खालची कूर्चा फाटली तर या प्रकाराखाली येत नाही, मग तिचा विचार विद्रूपता इत्यादी अन्य प्रकारांखाली करावा लागतो. यामुळे दुखापतीच्या प्रमाणपत्रात नुसते ‘नाकाचा अस्थिभंग’ असे लिहिणे अपुरे ठरते. कोणत्या बाजूचे कोणते हाड कोठे मोडले, हे क्ष-किरण चित्राच्या आधारे नमूद करावे लागते. पायाच्या दुखापतीतही ‘जंघास्थी’ या शब्दापुढे नडगीचे हाड, उजवे किंवा डावे, असा खुलासा केलेला असल्यास रुग्ण, पोलीस व न्यायालय या तिघांसही एकच अर्थ कळतो.