मुरबाडचे नाना आणि ठाण्याची आगगाडी

ठाणे, डोंबिवली आणि कल्याण या शहरांचा दिवस लोकलच्या वेळापत्रकावर चालतो. परंतु हा लोहमार्ग येथवर यावा म्हणून ज्यांनी आपली प्रतिष्ठा आणि वेळ खर्ची घातला, त्या जगन्नाथ शंकरशेट ऊर्फ नानांचे स्मरण प्रवाशांना क्वचितच होते.

नानांचे घराणे ठाणे जिल्ह्यातील मुरबाडचे. १८०३ मध्ये जन्मलेल्या नानांना व्यापाराचा वारसा लाभला होता. १८४३ मध्ये मुंबई सरकारचे अभियंता जॉर्ज क्लार्क यांना भांडुपच्या भेटीत मुंबई, ठाणे, कल्याण आणि पुढे थळ व बोर घाट जोडणाऱ्या लोहमार्गाची कल्पना सुचली. अशा कल्पनेला भांडवल हवे आणि भांडवलाला विश्वास. तो विश्वास निर्माण करण्यासाठी नाना आणि सर जमशेटजी जिजीभाई पुढे आले. १८४९ मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे कंपनी कायद्याने स्थापन झाली. ईस्ट इंडिया कंपनीने भांडवलावर ५ टक्के परताव्याची हमी दिली, म्हणून लंडनचा पैसा आला. कंपनीच्या संचालकांत नाना व जमशेटजी यांना स्थान मिळाले.

१६ एप्रिल १८५३ रोजी २१ तोफांच्या सलामीत, सुमारे ४०० निमंत्रितांना घेऊन १४ डब्यांची गाडी बोरीबंदरहून ठाण्यास निघाली. साहिब, सिंध आणि सुलतान ही तीन इंजिने ती ओढत होती. अंतर होते ३४ किलोमीटर. पुढील वर्षी, १ मे १८५४ रोजी, ठाण्याची खाडी पुलाने ओलांडून गाडी कल्याणला पोहोचली.

त्यानंतरही हा मार्ग अपुराच पडत गेला. १९१६ मध्ये १.३ किलोमीटर लांबीचा पारसिक बोगदा झाला आणि मुंब्र्याच्या डोंगराचा वळसा टळला. ठाणे-दिवा दरम्यानची पाचवी व सहावी मार्गिका, दीर्घकाळ रेंगाळल्यानंतर, १८ फेब्रुवारी २०२२ रोजी प्रवाशांच्या सेवेत आली. तरीही ९ जून २०२५ रोजी मुंब्र्याजवळ दारात लटकलेले प्रवासी गाडीतून पडले आणि काहींनी प्राण गमावले. जादा गाड्या, वेळेवर धावणारी लोकल आणि सुरक्षित दारे यांसाठी प्रवासी संघटना निवेदने देतात, अधिकाऱ्यांच्या भेटी घेतात, त्यामागे हीच वेदना आहे.

नानांचा मार्ग हाच होता. अर्ज, बैठका, हिशेब आणि पुन्हा अर्ज. ज्यांनी ठाण्याला आगगाडी आणण्यास हातभार लावला, त्यांच्या मुरबाडला मात्र आजही रेल्वे स्थानक नाही. कल्याण-मुरबाड मार्गाची मागणी जुनीच आहे. ती पूर्ण होणे, हेच नानांचे खरे स्मारक ठरेल.