परळच्या सहा खोल्या

निरीक्षण कुठे संपतं आणि प्रयोग कुठे सुरू होतो हे समजावून सांगताना आपली पाठ्यपुस्तकं पिसाचा मनोरा किंवा न्यूटनचं सफरचंद पुढे करतात. मराठी वाचकाला इतक्या लांब जाण्याची गरज नाही. १८९६ ते १९०८ या काळात मुंबईत प्लेगचा जो माग काढला गेला, त्यात विज्ञानाची जवळजवळ सगळी कार्यपद्धती पाहायला मिळते. नीट पाहिलेलं आणि दुर्लक्षिलेलं, घाईने ठरवलेलं, अपुऱ्या पुराव्यावर बरोबर ओळखलेलं आणि शेवटी चिकाटीने सिद्ध केलेलं, असं सगळं त्यात आहे. त्या प्रत्येक टप्प्याची किंमत माणसांनी प्राण देऊन मोजली, म्हणून हा इतिहास केवळ पद्धतीचा धडा म्हणून वाचता येत नाही.

सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवी भागात डॉ. अकॅसिओ व्हिएगस यांनी गाठीच्या प्लेगचं निदान केलं. हे मूळचे गोव्याचे डॉक्टर. रोगाचा जंतू तेव्हा माहीत झालेला होता. दोनच वर्षांपूर्वी, १८९४ मध्ये, हाँगकाँगच्या साथीत अलेक्झांडर येर्सँ यांनी तो वेगळा काढला होता, आणि मेलेल्या उंदरांतही तोच जंतू सापडतो हे नोंदवलं होतं. म्हणजे शत्रू कोण ते कळलं होतं. तो एका शरीरातून दुसऱ्या शरीरात जातो कसा, हे कुणालाच सांगता येत नव्हतं.

लोकांना मात्र एक गोष्ट दिसत होती. आधी उंदीर पडतात, मग माणसं. उंदीर पडू लागले की घर सोडायचं आणि माळावर झोपड्या घालून राहायचं, ही रीत खेडोपाडी रुळत गेली. हे अस्सल निरीक्षण होतं. त्यामागे कुठलाही सिद्धांत नव्हता, आणि ते बरोबर होतं. तरीही सरकारी उपाय त्यावर बेतले गेले नाहीत. प्लेग घाणीतून, ओलसर जमिनीतून, रोग्याच्या कपड्यांतून आणि स्पर्शातून पसरतो असं धरून गटारांत समुद्राचं पाणी आणि कार्बॉलिक अॅसिड सोडलं गेलं, भिंतींना चुना फासला, अंथरुणं जाळली, रोग्यांना आणि त्यांच्या घरच्यांना छावण्यांत नेलं. फेब्रुवारी १८९७ मध्ये साथीच्या रोगांचा कायदा आला. पुण्यात प्लेग अधिकारी रँडच्या अमलाखाली सोल्जर घरात शिरले, देवघरापर्यंत गेले. २२ जून १८९७ च्या रात्री रँडवर गोळी झाडली गेली. सावित्रीबाई फुले त्याच वर्षी १० मार्चला रोग्यांची शुश्रूषा करताना प्लेगनेच गेल्या. पुण्यातल्या जुलमाची चर्चा आपल्याकडे राजकारणाच्या अंगाने पुष्कळ झाली. त्याच्या मुळाशी कार्यकारणाची एक न तपासलेली समजूत होती, हे फारसं कुणी मांडत नाही. घरं रिकामी करण्यात अर्थ होता, कारण घरात उंदीर होते. पण अंथरूण जाळून किंवा बायकांच्या काखा रस्त्यात तपासून उंदरांवर काहीच परिणाम होणार नव्हता.

लोकांचं निरीक्षण पुरेसं का पडलं नाही? ज्या घरात उंदीर मरत, त्याच घरात अंधार, ओल, दाटी, धान्य, कचरा आणि आजारी माणूसही असे. सगळ्या गोष्टी एकत्र नांदत असताना त्यातली कोणती कारण आहे आणि कोणती नुसती सोबतीला आहे, हे कितीही बारकाईने पाहिलं तरी कळत नाही. एकत्र असलेल्या गोष्टी मुद्दाम वेगळ्या कराव्या लागतात, आणि त्यालाच प्रयोग म्हणायचं.

हे वेगळं करणं जंतुशास्त्रज्ञ व्लादिमिर हाफकिन यांना किती नेमकं जमलं होतं ते बडोद्याजवळच्या उंढेरा गावात दिसतं. ग्रँट मेडिकल कॉलेजातल्या लहानशा जागेत त्यांनी प्लेगची लस तयार केली, १० जानेवारी १८९७ रोजी ती प्रथम स्वतःला टोचून घेतली आणि त्याच महिन्याअखेर भायखळ्याच्या तुरुंगातल्या कैद्यांना दिली. कैद्याच्या संमतीला तुरुंगात कितीसा अर्थ असतो, हा प्रश्न आजच्या वाचकाच्या मनात यायलाच हवा. उंढेऱ्याची चाचणी फेब्रुवारी १८९८ मधली. गावातल्या काही घरांना लस आणि काहींना नाही, असं त्यांनी केलं नाही. प्रत्येक कुटुंबातल्या साधारण निम्म्या माणसांना टोचलं, निम्म्यांना तसंच ठेवलं. एकच छप्पर, एकच चूल, तेच उंदीर, आणि फरक फक्त लशीचा. पुढे ज्या २८ कुटुंबांत प्लेग शिरला, त्यांतल्या टोचलेल्या ७१ जणांपैकी ८ आजारी पडले आणि ३ दगावले. न टोचलेल्या ६४ जणांपैकी २७ आजारी पडले आणि २६ दगावले. या आकड्यांवर शंका घेणाऱ्यालाही घर वेगळं होतं, अन्न वेगळं होतं, असं म्हणायला जागा उरत नाही. ते २६ जण कुणाचे तरी आईबाप आणि मुलं होती, हेही विसरून चालणार नाही.

लस आली, पण प्रसाराचं कोडं तसंच राहिलं. पॅरिसच्या पाश्चर इन्स्टिट्यूटचे पॉल-लुई सिमों १८९७ मध्ये येर्सँच्या जागी मुंबईत आले. त्यांची नजर विलक्षण होती. काही रोग्यांच्या अंगावर, बहुधा पायावर, त्यांना बारीक फोड दिसला. त्यातल्या पाण्यात प्लेगचे जंतू होते. नुकत्याच मेलेल्या उंदराला हात लावणाऱ्याला प्लेग होतो, पण मरून बराच वेळ झालेल्या उंदरापासून होत नाही, हेही त्यांनी टिपलं. स्पर्शाने रोग होत असता तर हा फरक पडायचं कारण नव्हतं. पण प्रेत थंड पडलं की पिसवा ते सोडून जातात. २ जून १८९८ रोजी कराचीत त्यांनी काचेच्या मोठ्या बरणीत प्लेग झालेला उंदीर ठेवला, त्याच्यावर मांजराच्या अंगावरच्या पिसवा सोडल्या आणि मग वर जाळीच्या पिंजऱ्यात निरोगी उंदीर टांगला. दोघांचा एकमेकांना स्पर्श होणं शक्य नव्हतं. वरचा उंदीर काही दिवसांत प्लेगने मेला. पिसवा नसताना आजारी आणि निरोगी उंदीर एकत्र ठेवले, तर काहीच झालं नाही.

सिमों यांनी हे त्याच वर्षी प्रसिद्ध केलं, आणि त्यांच्यावर कुणी विश्वास ठेवला नाही. तेव्हा भारतात फिरत असलेल्या सरकारी प्लेग कमिशनने पिसवांचा मुद्दा बाजूला सारला. मोजकेच प्राणी वापरले आणि इतरांना तसाच निकाल मिळत नाही, असे आक्षेप होते. आक्षेप घेण्यात काही चूक नव्हती. एका बरणीवरून एवढ्या मोठ्या साथीचं कारण ठरवू नये, हा संशय शास्त्राला शोभणारा आहे. पण ज्याला संशय आहे त्याने प्रयोग पुन्हा, अधिक प्राण्यांवर, अधिक काळजीने करायचा असतो. कमिशनने प्रश्नच मिटवला, आणि याबद्दल मी त्यांना माफ करू शकत नाही. १९०३ च्या सुमारास मार्सेयमध्ये गोतिए आणि रेबो यांना सिमोंचाच निकाल मिळाला. इथे मात्र १९०४ आणि १९०५ या दोन्ही वर्षांत भारतात सुमारे दहा दहा लाख माणसं प्लेगने गेली.

इतरांना तोच निकाल का मिळत नव्हता, याचं एक उत्तर फार साधं आहे. पिसू म्हणजे एकाच जातीचा प्राणी असं सगळे धरून चालले होते. युरोपातल्या उंदरांवरच्या काही जातींच्या पिसवा माणसाला सहसा चावत नाहीत, म्हणून उंदरांच्या पिसवा निर्दोष ठरवल्या गेल्या. चार्ल्स रॉथ्सचाइल्ड यांनी १९०३ मध्ये सुदानमधून आणलेल्या नमुन्यांवरून एका नव्या जातीचं वर्णन केलं. मुंबईच्या उंदरांवर प्रामुख्याने तीच जात आहे आणि उंदीर मेले की ती माणसाकडे वळते, हे ग्लेन लिस्टन यांनी मुंबईच्या चाळींत दाखवून दिलं. ओसाड पडलेल्या प्लेगच्या घरांत ते गिनीपिग सोडत. गिनीपिगांच्या अंगावर उंदरांच्या पिसवा गोळा होत, आणि काही गिनीपिग प्लेगने मरत. पायाच्या काट्यांवरून आणि केसांवरून पिसवांच्या जाती ओळखत बसणं कंटाळवाणं काम आहे. त्याच्याशिवाय सगळे प्रयोग आंधळे राहिले असते.

१९०५ मध्ये रॉयल सोसायटी, लिस्टर इन्स्टिट्यूट आणि इंडिया ऑफिस यांच्या पुढाकाराने परळच्या प्रयोगशाळेत, म्हणजे आजच्या हाफकिन इन्स्टिट्यूटमध्ये, नवं संशोधन सुरू झालं. आवारात सहा लहान खोल्या बांधल्या. दोन खोल्यांवर साधी देशी कौलं, ज्यांत उंदीर हमखास घर करतात. दोन खोल्यांवर मंगलोरी कौलं, ज्यांत त्यांना आसरा कमी. आणि दोन खोल्यांवर पत्रा. छपराखाली तारेची जाळी ताणली, म्हणजे उंदीर खाली येणार नाहीत, पण पिसवा पडू शकतील. मुंबईच्या घराचीच रचना, पण एकेक भाग सुटा करता येईल अशी. आत आजारी आणि निरोगी गिनीपिग एकत्र ठेवले. पिसवा नसतील तर ते एकमेकांना खेटून राहिले, एकाच घाणीत लोळले, प्लेग झालेल्या आईचं दूध पिल्लांनी प्यायलं, तरी रोग पसरला नाही. पिसवा आल्या की पसरला, आणि जितक्या जास्त पिसवा तितका जास्त. शेवटचा बचाव हवेचा आणि जमिनीचा होता. त्यासाठी एक पिंजरा जमिनीपासून दोन इंचांवर आणि दुसरा दोन फुटांवर टांगला. हवा दोन्हींना सारखीच होती. पिसू उडी मारते ती चारेक इंच. खालच्या पिंजऱ्यात प्लेग शिरला, वरच्यात शिरला नाही. प्लेगच्या घरांत माकडांचे पिंजरे ठेवून एकाभोवती चिकट कागदाचा पट्टा लावून पाहिलं, तेव्हाही तेच दिसलं.

खोल्यांतलं सत्य शहरात लागू पडतं का, हा पुढचा प्रश्न, आणि तिथे पुन्हा निरीक्षणाकडे वळावं लागलं. पहिल्याच वर्षी मुंबईत लाखाहून अधिक उंदीर फाडून तपासले गेले. शीव, वडाळा, परळ आणि वरळी या तेव्हाच्या गावांत उंदीर कुठे पडला आणि माणूस कुठे आजारी पडला, याच्या नोंदी ठेवल्या. आधी गटारातल्या उंदरांत साथ, साधारण दहा दिवसांनी घरातल्या उंदरांत, आणि त्यानंतर दहा-पंधरा दिवसांनी माणसांत, असा क्रम हाती आला. खेड्यातल्या माणसाला जे ठाऊक होतं तेच आता दिवसांच्या हिशेबात मांडता आलं.

पिसू जंतू सोडते कसा, हे कळायला १९१४ उजाडलं. लंडनला बॅकट आणि मार्टिन यांनी पिसवा फाडून पाहिल्या. जंतूंच्या गोळ्याने तिच्या जठराचं तोंड बंद होतं, भुकेने ती पुन्हा पुन्हा चावते, आणि शोषलेलं रक्त जंतूंसह जखमेत परत येतं.

परळच्या या कामाचा एक धागा आपल्या काळापर्यंत येतो. १९२७ मध्ये केरमॅक आणि मॅकेंड्रिक यांनी साथीचं प्रसिद्ध गणित मांडलं, ज्याच्या कुळातली गणितं कोविडच्या काळात रोज बातम्यांत होती. त्यांनी वक्ररेषा जुळवून दाखवली ती मुंबईतल्या डिसेंबर १९०५ ते जुलै १९०६ या काळातल्या प्लेगमृत्यूंच्या साप्ताहिक आकड्यांशी. रेषा सुरेख जुळली. पण त्या समीकरणात उंदीर नव्हते, पिसवा नव्हत्या, आणि मुंबईचा प्लेग उन्हाळा तापला की दरवर्षी आपोआप ओसरत असे तो ऋतूही नव्हता. आपण गृहीत धरलेल्या अटी प्रत्यक्षात पूर्ण होत नाहीत, हे लेखकांनी स्वतःच नोंदवलं होतं. पुढच्या गणितज्ञांनी परळच्या अहवालांतले उंदरांचे, पिसवांचे आणि ऋतूंचे आकडे काढून ते उदाहरण पुन्हा तपासलं, तेव्हा त्या सुरेख जुळण्यामागचं गृहीतकच मुंबईच्या प्लेगला लागू पडत नाही हे स्पष्ट झालं. ती तपासणी शक्य झाली, कारण उंदीर फाडणाऱ्यांनी आणि पिसवा मोजणाऱ्यांनी तेव्हा कामाला न येणारे आकडेही लिहून ठेवले होते.