जपानच्या बिशपांची हाक : अणुऊर्जेऐवजी अक्षय ऊर्जा

११ मार्च २०११ रोजी ईशान्य जपानला ९.० तीव्रतेचा भूकंप झाला. त्यानंतर आलेल्या त्सुनामीचे पाणी फुकुशिमा दाइइची अणुवीज केंद्रात शिरले, शीतकरण यंत्रणा बंद पडली आणि तीन अणुभट्ट्यांतील इंधन वितळले. दीड लाखाहून अधिक लोकांना घरदार सोडावे लागले.

जपानच्या बिशपांनी २००१ च्या संदेशात अणुऊर्जेविषयी केवळ सावधगिरीचा इशारा दिला होता. ८ नोव्हेंबर २०११ रोजी सेंदाई येथून मात्र त्यांनी सर्व अणुवीज केंद्रे त्वरित बंद करण्याचे आवाहन केले. २०१५ पासून काही भट्ट्या पुन्हा सुरू झाल्यावर, २०१६ मध्ये त्यांनी हीच मागणी जगापुढे मांडली.

बंदीमुळे विजेची टंचाई होईल, कार्बन वायू वाढेल, असे आक्षेप घेतले जातात. बिशपांनी ते दुर्लक्षिले नाहीत. परंतु परमेश्वराने निर्माण केलेली सृष्टी सुरक्षित ठेवून पुढील पिढ्यांच्या स्वाधीन करणे हे मानवाचे पहिले कर्तव्य आहे, असे त्यांचे प्रतिपादन आहे. हजारो वर्षे घातक राहणारा किरणोत्सारी कचरा अद्याप न जन्मलेल्या लेकरांच्या माथी मारण्याचा अधिकार आपणांस कोणी दिला? म्हणूनच नैसर्गिक स्रोतांपासून वीज आणि साधी राहणी, हा मार्ग ते सुचवितात.

ही श्रद्धेची सक्ती नव्हे. परमपवित्र सिंहासन १९५७ पासून आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेचे सदस्य आहे. नोव्हेंबर २०१९ मध्ये जपानहून परतताना पोप फ्रान्सिस म्हणाले की, संपूर्ण सुरक्षिततेची हमी मिळेपर्यंत आपण अणुऊर्जा वापरणार नाही. मात्र हे आपले वैयक्तिक मत आहे, हेही त्यांनी स्पष्ट केले.

आपल्यासाठी हा विषय दूरचा नाही. पालघर जिल्ह्यातील तारापूर केंद्र १९६९ साली सुरू झाले. तेथील पहिल्या दोन अणुभट्ट्या फुकुशिमाप्रमाणेच उकळत्या पाण्याच्या प्रकारातील आहेत. त्यामुळे सुरक्षिततेची व कचऱ्याची माहिती शासनाकडे मागणे हा नागरिक म्हणून आपला अधिकार आहे, आणि ख्रिस्ती म्हणून ती शेजारप्रीतीही आहे.

केवळ विरोध पुरेसा नाही. २००८ साली व्हॅटिकनने पोप पॉल सहावे सभागृहाच्या छतावर सुमारे २,४०० सौरपट्ट्या बसविल्या. आपल्या चर्चच्या, शाळेच्या छतावरही तेच ऊन पडते. आपल्या धर्मग्रामाने यंदा त्याचा विचार करावा.