"म्हणजे हरलो का वो बाई?"

यंत्रमागावर काम करणाऱ्या एका मुलाची आई माझ्या टेबलासमोर बसून रडायला लागली. मुलावरचा गुन्हा रद्द व्हावा म्हणून आम्ही उच्च न्यायालयात याचिका केली होती. ती बोर्डावर येईपर्यंत इथे सोलापूरच्या कोर्टाने मुलाला दोषमुक्त केलं. मग वरच्या कोर्टाने 'याचिका निष्फळ झाली' म्हणून दोन ओळींत ती निकाली काढली. 'निकाली' एवढंच तिच्या कानावर पडलं होतं. "म्हणजे हरलो का वो बाई?"

हरलो नव्हतो. जे मागितलं ते दुसऱ्या दाराने मिळालं, म्हणून मागणंच उरलं नाही. आम्ही वकील याला 'इन्फ्रक्च्युअस' म्हणतो. पोलिसांची सी समरी, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल, मॅजिस्ट्रेटने मंजूर केली, किंवा सरकारने कोर्टाच्या परवानगीने खटला मागे घेतला, तरी हेच होतं. पण फिर्याद खरी की खोटी, हे त्या दोन ओळींत कुणी ठरवलेलं नसतं.

दोषारोपपत्र दाखल झालं की याचिका संपली, असं पक्षकारांना बेधडक सांगितलं जातं. ते चूक आहे. आनंद कुमार मोहता प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली सांगितलं, की दोषारोपपत्रानंतरही उच्च न्यायालय गुन्हा रद्द करू शकतं.

अटकपूर्व जामिनाचं दुखणं वेगळं. अटक झाली की तो अर्ज संपला, मग नियमित जामीनच मागायचा. सेशन कोर्टाने अटकपूर्व जामीन नाकारला की आम्ही रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस धरायचो. सकाळी मुंबईत उतरताना फोन यायचा, "मॅडम, उचललं पोराला." पिशवीतला अर्ज तिथेच कोरा कागद व्हायचा. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, त्यात सोलापूर आहे. लोक याला सोय म्हणतात. मी न्याय म्हणते, कारण कित्येक अर्ज नुसत्या अंतराने मेलेले मी पाहिले आहेत.

निमित्त संपलं तरी प्रश्न उरतो, असं उलटंही सोलापूरने पाहिलंय. १९३० च्या मे महिन्यात सोलापुरात मार्शल लॉ लागला, जूनअखेर उठला. लष्करी कोर्टांनी शिक्षा दिलेली माणसं मात्र तुरुंगातच होती. 'चनप्पा शांतिरप्पा विरुद्ध एम्परर' या नावाने त्यांचं गाऱ्हाणं मुंबई उच्च न्यायालयात गेलं. मार्शल लॉ उठला होता, पण माणूस आत होता, तोवर प्रश्न जिवंत होता. निष्फळ म्हणून फाइल बांधण्याआधी मी आजही हेच तपासते, की पक्षकाराच्या अंगावर अजून काही उरलंय का.

आरोपी मरण पावला की खटला संपतो. पण कैदेच्या शिक्षेविरुद्ध अपील चालू असताना तो गेला, तर आईवडील, नवरा किंवा बायको, मुलं, भाऊ-बहीण ३० दिवसांत परवानगी मागून ते अपील पुढे चालवू शकतात. गेलेल्याच्या नावावरचा डाग पुसायला कायद्याने ठेवलेली ही जागा मला फार मोलाची वाटते.

त्या आईसाठी आम्ही सुनावणीतच एक मुभा मागून घेतली होती. दोषमुक्तीविरुद्ध कुणी रिव्हिजन केली, तर पुन्हा दाद मागता यावी. ती आदेशात नोंदली गेली. तिला ते वाचून दाखवलं आणि दोषमुक्तीच्या आदेशाच्या नकलेचा अर्ज लिहून दिला. पोलीस व्हेरिफिकेशनला सही-शिक्क्याचा तोच कागद लागणार होता. आठवड्याने ती नक्कल घेऊन आली आणि मुलाचं नाव कुठे आहे, तेवढं बोट ठेवून दाखवा म्हणाली.