वय न वाढणाऱ्या मुलांची गोष्ट

जपानी लोक चित्रकथेला ‘मांगा’ म्हणतात. मोतो हागिओ या चित्रकर्तीनं १९७२ साली ‘पो घराणं’ ही चित्रकथा सुरू केली. एडगर आणि ॲलन हे तिचे नायक; रक्त पिऊन जगणारे, आपल्या वेताळाचे दूरचे भाऊच म्हणा ना! दोघंही कुमारवयातच थांबलेले. भोवतालची माणसं म्हातारी होतात, मरतात. यांना उरतो तो फक्त एकमेकांचा जीव. मुलामुलांमधल्या प्रेमाच्या पुढच्या जपानी चित्रकथांवर या जोडीची छाप आहे.

पण जो वाढतच नाही, त्याची कथा संपवायची कशी? १९७६ साली पाच खंडांत गोष्ट आटोपली. शेवटी घराला आग लागते, दोघं दिसेनासे होतात. वाचकांनी मनावर दगड ठेवला. आणि २०१६ साली, तब्बल चाळीस वर्षांनी, बाईंनी पुन्हा लेखणी उचलली! कथा मागं गेली, महायुद्धाच्या काळातल्या ब्रिटनमध्ये. तिथं ॲलन अजून एडगरच्या सोबतच आहे.