शेवटच्या पगाराचा दाखला

केरळमधला एक सरकारी नोकर 19 मे 1973 रोजी निवृत्त झाला. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी हातात पडली 14 ऑगस्ट 1975 ला. मधली जवळजवळ सव्वादोन वर्षे गेली ती एका कागदापायी. शेवटच्या पगाराचा दाखला नाही म्हणून हिशेब नाही, आणि हिशेब नाही म्हणून पैसे नाहीत. इतक्या खेपा घातल्यावर पैसे मिळाले, की बहुतेक माणसे देवापुढे साखर ठेवून गप्प बसतात. या माणसाने वकिलाची नोटीस धाडली आणि उशिराच्या व्याजासाठी दावा लावला.

सरकार म्हणाले, दाखला त्यानेच आणून द्यायला हवा होता. न्यायालयाने कोषागाराच्या नियमावलीतला 186 वा नियम वाचला, तर तिथे उलटेच निघाले. निवृत्त होणाऱ्याला हा दाखला देणे हे कोषागार अधिकाऱ्याचे कर्तव्य होते. त्याने उशीर का केला, याचे कारणही सरकारला सांगता आले नाही. जिल्हा न्यायालयाने 6 टक्के व्याज दिले, उच्च न्यायालयाने ते कायम केले, तरी सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. तिथला निकाल 17 डिसेंबर 1984 चा, मुंबई उच्च न्यायालयातून दिल्लीला गेलेल्या न्या. व्ही. डी. तुळजापूरकर यांनी लिहिलेला. बरोबर दोन वर्षे आधी, नाकारा खटल्यात, पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नव्हे असे पाच न्यायमूर्तींच्या ज्या पीठाने ठरवले, त्यातही ते होते. पेन्शनर दिन 17 डिसेंबरला असतो तो नाकारा निकालामुळे.

1984 चा निकाल छोटा आहे, पण त्यातला एक प्रश्न मला फार मोलाचा वाटतो. कर्मचारी कोणत्या तारखेला निवृत्त होणार, हे कार्यालयाला आधीपासून ठाऊक असते. पगाराचा दाखला आणि ना-देय प्रमाणपत्र ज्या नोंदींवरून करायचे, त्या नोंदीही कार्यालयाच्याच कपाटात असतात. मग हे दोन कागद निवृत्तीच्या निदान आठवडाभर आधी तयार का होऊ नयेत? ग्रॅच्युइटी निवृत्तीच्या दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी मिळावी, आणि तसे न झाल्यास दोन महिन्यांनंतर बाजारभावाने दंडव्याज सुरू व्हावे, असे न्यायालयाने म्हटले.

आपल्याकडे चाळीस वर्षांनंतरही ‘सेवापुस्तकात त्रुटी आहे, जुन्या कार्यालयातून नोंद घेऊन या’ हे वाक्य निवृत्तांना ऐकावे लागते. जी नोंद करण्याचा त्यांना अधिकारच नव्हता, ती मिळवायला साठीच्या माणसाने एसटीने तालुका गाठायचा, हे मला अन्यायाचे वाटते. महाराष्ट्राच्या 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांत उशिराच्या व्याजाची तरतूद आहे. ग्रॅच्युइटीसाठी 129-अ, पेन्शनसाठी 129-ब. मुख्य अट ही, की उशीर प्रशासनाच्या चुकीने झालेला असावा. म्हणून प्रत्येक अर्जाची पोच घ्यावी, तारखेच्या शिक्क्यासह. पुढे राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे (मॅट) दाद मागितली, की चूक कोणाची हे तोच शिक्का दाखवतो.

आणि व्याज किती हवे, तेही लिहून मागावे. केरळच्या त्या माणसाने दाव्यात 12 टक्के मागितले होते. सर्वोच्च न्यायालय तेवढे द्यायला तयार होते, तसे निकालातच म्हटले आहे. पण खाली 6 टक्के मिळाले तेव्हा त्याने उच्च न्यायालयात प्रति-आक्षेप नोंदवला नव्हता, त्यामुळे 6 टक्क्यांवरच थांबावे लागले. हे व्याज जनतेच्या तिजोरीतून जाणार होते. ज्याने कागद अडवला त्या अधिकाऱ्याकडून ते भरून घ्यायचे की नाही, याचा विचार राज्य सरकारने करावा, असेही न्यायालयाने बजावले.